चिपाडाचा हिशेब

उतारा चांगला असेल तर एक टन ऊस गाळल्यावर साखर कारखान्याच्या हाती साधारण 110 किलो साखर लागते. त्याच उसातून 280 ते 300 किलो ओले चिपाड, 40-45 किलो मळी आणि रस गाळताना उरलेला 30-40 किलो गाळ, म्हणजे प्रेसमड, बाहेर पडतो. उतारा म्हणजे उसाच्या वजनाशी साखरेचे शेकडा प्रमाण. ज्या उद्योगात मुख्य मालापेक्षा उरलेला माल वजनाने कितीतरी अधिक असतो, तेथे टाकाऊ वस्तूचे काय करायचे या प्रश्नावरच धंद्याचे गणित केव्हा ना केव्हा येऊन ठेपते, आणि महाराष्ट्रातील सहकारी साखर कारखानदारीत शाश्वततेची चर्चा प्रथम अशा रोकड्या कारणाने सुरू झाली.

चिपाड, ज्याला कारखान्यात बगॅस म्हणतात, बॉयलरमध्ये जाळून वाफ करायची आणि त्या वाफेवर कारखाना चालवायचा ही पद्धत फार जुनी आहे. मात्र चिपाडाला गिऱ्हाईक नव्हते तोवर ते वाचवण्यात कोणालाच स्वारस्य नव्हते. उलट हंगामाअखेर त्याचे ढीग साचू नयेत म्हणून कमी दाबाचे, जास्त चिपाड खाणारे बॉयलर सोयीचे ठरत. वीज मंडळाने कारखान्यांची जादा वीज करार करून विकत घेण्यास सुरुवात केली तेव्हा हेच चिपाड इंधन म्हणून मोलाचे झाले, उच्च दाबाचे बॉयलर आले, आणि वाफेने आधी वीज व नंतर तीच वाफ वापरून रस आटवण्याचे काम करणारी सहवीजनिर्मिती रूढ झाली. तंत्र अगोदरपासून उपलब्ध होते, बदलला तो खरेदीदार. व्यवस्थापनशास्त्रात ज्याला नवोन्मेष म्हणतात, त्यात नव्या शोधाइतकाच जुन्या वस्तूच्या नव्या हिशेबाचाही वाटा असतो, तो असा.

या कारखानदारीचे वेगळेपण तिच्या मालकीत आहे. विठ्ठलराव विखे पाटील यांनी शेतकऱ्यांना एकत्र आणून आणि अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ यांना अध्यक्ष करून लोणी येथे उभारलेल्या प्रवरा सहकारी साखर कारखान्याचा पहिला गळीत हंगाम 1950-51 चा. ऊस पिकवणाराच कारखान्याचा भागधारक आणि भाग कितीही असले तरी मत एकच, हे त्यामागील तत्त्व. खासगी कंपनीत कच्चा माल स्वस्त मिळाला तर मालकाचा नफा वाढतो; येथे कच्चा माल देणारा स्वतःच मालक असल्यामुळे नफा उसाच्या दरात विरघळतो. तोडलेल्या उसातील साखर तासागणिक घटत असल्याने शेतकऱ्याला माल घेऊन दूरच्या बाजारात जाता येत नाही, आणि उसाच्या शिवाराबाहेर कारखान्यालाही अस्तित्व नाही. असे परस्परांना जखडलेले दोन पक्ष एकाच संस्थेत आणणे हा मुळात व्यवस्थापनाचा तोडगा होता, त्याला चळवळीचे तेज नंतर चढले असे म्हणता येईल.

या रचनेची कसोटी दराच्या प्रश्नावर लागते. केंद्र सरकार 2009 पासून उसाची रास्त आणि किफायतशीर किंमत, म्हणजे एफआरपी, ठरवते. ती ऊस आल्यापासून 14 दिवसांत द्यावी लागते आणि विलंब झाल्यास 15 टक्के व्याज लागू होते. 2018-19 च्या हंगामात 10 टक्के उताऱ्याला क्विंटलमागे 275 रुपये असलेली एफआरपी 2024-25 मध्ये 10.25 टक्के उताऱ्याला 340 रुपये झाली, परंतु साखरेची किमान विक्री किंमत फेब्रुवारी 2019 मध्ये किलोला 31 रुपये ठरल्यावर पुढील सहा हंगाम तेथेच राहिली. केवळ साखरेवर सभासदाचे बिल भागवणे अवघड झाल्यामुळे वीज आणि इथेनॉल ही जोडधंद्याची बाब न राहता निकडीची बाब झाली. साखर पूर्ण काढून घेतलेल्या मळीऐवजी थोडी साखर मुद्दाम शिल्लक ठेवलेली बी-हेवी मळी किंवा थेट उसाचा रस आंबवून इथेनॉल करण्यास 2018 नंतर उत्तेजन मिळाले, आणि अनेक कारखान्यांनी कर्ज काढून आसवन्या वाढवल्या. मात्र पाऊस कमी झाल्याने साखरेचा तुटवडा पडेल या भीतीने 7 डिसेंबर 2023 रोजी केंद्राने रसापासून इथेनॉल करण्यास मनाई केली, आठवडाभरात ती 17 लाख टन साखरेच्या मर्यादेपर्यंत शिथिल केली आणि ऑगस्ट 2024 मध्ये पुढील वर्षासाठी उठवली. धोरणाच्या भरवशावर उभारलेला नवोन्मेष धोरणाच्या एका परिपत्रकाने अडकतो, आणि कर्जाचे हप्ते मात्र अडकत नाहीत.

सहकाराने नव्या ज्ञानाचा खर्च वाटून घेण्याची सोयही केली. पुण्याजवळ मांजरी येथे 1975 मध्ये डेक्कन शुगर इन्स्टिट्यूट म्हणून सुरू झालेली आणि आज वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट या नावाने ओळखली जाणारी संस्था कारखान्यांच्या वर्गणीवर उभी आहे. एकट्या कारखान्याला न परवडणारे बेणे, माती आणि यंत्रांविषयीचे संशोधन तिच्यामुळे सर्वांना मिळते. वारणा सहकारी साखर कारखान्याच्या परिसराचे उदाहरण अधिक बोलके आहे. तेथे 1998 मध्ये गावोगावी संगणक केंद्रे उभारून शेतकऱ्याला जगाची माहिती पुरवण्याची योजना गाजली, पण प्रत्यक्षात केंद्रांवर शेतकरी विचारत असे ते उसाची नोंद झाली का, तोडणीची चिठ्ठी कधी, वजन किती भरले आणि बिल किती निघाले. पुढे काही गावांत हीच माहिती मोबाइलच्या लघुसंदेशाने देण्याचा प्रयोग झाला, आणि संगणकाने करायचे काम साध्या फोनने स्वस्तात केले.

आता शाश्वततेकडे, म्हणजे आजची गरज भागवताना उद्याची साधने न संपवण्याकडे. कारखान्याच्या आवारात बरेच काही साधले आहे. मळीपासून एक लिटर मद्यार्क करताना आठ ते बारा लिटर काळे सांडपाणी निघते. ते आता नदीनाल्यात सोडता येत नाही, त्यापासून बायोगॅस करणे, ते आटवून बॉयलरमध्ये जाळणे किंवा प्रेसमडमध्ये मुरवून खत करणे हे मार्ग रुळले आहेत. उसाचे सुमारे 70 टक्के वजन पाण्याचेच असते, त्यामुळे नीट आखलेला कारखाना बाहेरचे पाणी फारसे न घेताही चालतो. पाण्याचा खरा खर्च शेतात होतो. कृषी मूल्य आयोगाने नोंदवले आहे की राज्यातील लागवडीच्या चार टक्क्यांहून कमी क्षेत्रावरचा ऊस सिंचनाच्या सुमारे 70 टक्के पाण्याचा वाटा घेतो. ठिबक आणि खोडव्यात पाचट न जाळता आच्छादन म्हणून कुजवणे हे उपाय सर्वश्रुत आहेत. पण गाळपक्षमता वाढवणाऱ्या संचालक मंडळाला ऊस हवा असतो आणि सभासदाला हमीचा दर, त्यामुळे भूजल खालावल्याचा तोटा संस्थेच्या ताळेबंदात कुठेच दिसत नाही. एप्रिल 2016 मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी न्यावे लागले ते लातूर शहर ऊसपट्ट्यापासून दूर नाही.

दुसरी अनुपस्थिती माणसांची आहे. बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांतून मुकादमाकडून उचल घेऊन येणारे तोडणी मजूर सभासद नसतात. नवराबायको मिळून एक कोयता मोजला जातो आणि खाडा झाला की पैसे कापले जातात. बीडमधील ऊसतोड महिलांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची चौकशी करण्यासाठी 2019 मध्ये राज्य शासनाला समिती नेमावी लागली, तेव्हा आजारपणाचा एक दिवसही न परवडणे हे त्यामागचे एक कारण म्हणून पुढे आले. ज्या सहकाराने ऊसउत्पादकाला मालक केले, त्याने ऊस तोडणाऱ्याला मात्र कंत्राटदाराच्या वहीत ठेवले. या मजुरांसाठी गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने स्थापलेल्या कल्याण महामंडळाला कारखान्यांनी गाळपाच्या टनामागे 10 रुपये द्यावेत असे शासनाने ठरवले आहे. ज्या टनातून 110 किलो साखर आणि 300 किलो चिपाड निघते, तोच हा टन.