रिकामा काटा, भरला काटा

दिवाळी उलटली की वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटच्या जिनिंगांकडे कापसाच्या गाड्यांची रीघ लागते. धर्मकाट्याच्या फलाटावर गाडी चढते, खिडकीतला लाल आकडा धावतो, थांबतो आणि पावती निघते. शेतकऱ्याचं वर्षभराचं राबणं या आकड्यावर तोललं जातं. म्हणून काट्याजवळ उभं राहिलं की माझी नजर आधी फलाटाखाली जाते.

तिथे पोलादी लोडसेल बसवलेले असतात. त्यांच्या अंगावर धातूची अतिशय पातळ जाळी चिकटवलेली असते. भार आला की पोलाद डोळ्यांना दिसणारही नाही इतकं दबतं, जाळी ताणली जाते किंवा आखडते आणि तिचा विद्युतरोध बदलतो. पूर्ण क्षमतेच्या भारालाही पुरवलेल्या एका व्होल्टमागे साधारण दोन मिलिव्होल्ट एवढाच संकेत मिळतो. इतक्या नाजूक संकेताला वर्ध्याचं हवामान सोसावं लागतं. इथला उन्हाळा ४५ अंशांच्या पुढे जातो आणि तापलेलं पोलाद त्याच भाराखाली थोडं जास्त दबतं. ही चूक भरून निघावी म्हणून लोडसेलमध्ये तापमानानुसार बदलणारा रोध आधीच जोडलेला असतो. नव्या डिजिटल लोडसेलमध्ये तापमापकही असतो आणि आकडा बाहेर येण्याआधीच दुरुस्त होतो.

काटा आणखी एक गोष्ट स्वतःहून करतो. रिकाम्या फलाटावर चाकांचा चिखल साचतो, पहाटेचं दव पडतं. काटा हा बारीक फरक ओळखतो आणि आपलं शून्य सरकवून घेतो. मात्र त्याला मर्यादा घातलेली आहे. चालू काट्याला शून्य एकूण क्षमतेच्या चार टक्क्यांपलीकडे हलवता येत नाही. आपोआप होणारी दुरुस्तीही सेकंदाला अर्ध्या भागापेक्षा (भाग म्हणजे काटा दाखवू शकतो तो सर्वात लहान फरक) वेगाने होऊ द्यायची नसते. ती वेगाने झाली, तर हळूहळू चढणारा खरा मालच काटा गिळून टाकेल.

पण शून्य बरोबर आहे म्हणजे वजन बरोबर आहे, असं होत नाही. गाडी आधी भरलेली तोलतात, मग रिकामी. शून्यात पाच किलोंचा फरक असला, तरी तो दोन्ही वेळा सारखाच येतो आणि वजाबाकीत निघून जातो. काटा प्रत्येक किलोमागेच थोडा कमी दाखवत असेल, तर ती चूक थेट मालाच्या वजनात उतरते. अर्धा टक्का चूक धरा. २० क्विंटल कापसात १० किलो गेले. २०२५-२६ च्या लांब धाग्याच्या हमीभावाने, म्हणजे क्विंटलला ८,११० रुपयांनी, ते ८११ रुपये होतात. रिकाम्या काट्याला ही चूक कळूच शकत नाही, कारण खरं वजन किती हे त्याला कुणीतरी बाहेरून सांगावं लागतं.

ते काम वैधमापनशास्त्र विभागाच्या पडताळणीत होतं. धर्मकाट्याची फेरपडताळणी दर १२ महिन्यांनी करावी लागते. प्रमाणित वजनं फलाटाच्या एका कोपऱ्यावर रचायची, आकडा नोंदवायचा, मग ती उचलून पुढच्या कोपऱ्यावर न्यायची. हमालांच्या अंगातून घाम काढणारं हे काम आहे आणि त्याला सोपी वाट नाही. एक कोपरा कमी दाखवत असेल, तर गाडी कुठे उभी राहिली यावर शेतकऱ्याचे पैसे ठरतील. १० किलोच्या भागाच्या काट्यावर २० टन तोलताना पडताळणीत १० किलोपर्यंतचा फरक चालतो, त्यापलीकडचा नाही. सगळं जुळलं की मुद्रांकन होतं.

ओलावा मोजणाऱ्या यंत्राचीही हीच गोष्ट आहे. कापसात दोन सुया खुपसल्या की ओलाव्यानुसार वीज कमी-जास्त वाहते. पण कापूस हाताने दाबला तरी आकडा चढतो आणि दव पडलेला वरचा थर आतल्यापेक्षा जास्त ओला निघतो. भारतीय कापूस महामंडळाच्या (सीसीआय) खरेदीत ८ टक्क्यांवर कपात सुरू होते आणि १२ टक्क्यांच्या वर माल परत जातो. तिथे एकाच जागी सुई लावून निकाल देणं हा अन्याय आहे. ढिगाच्या आतून, चार ठिकाणी मोजायला हवं आणि यंत्र अधूनमधून भट्टीत वाळवलेल्या नमुन्याशी ताडून पाहायला हवं.

यंत्रं हुशार होत आहेत, याचा मला आनंदच आहे. ऊन, दव, चिखल यांचा हिशेब ती माणसापेक्षा चांगला ठेवतात. पण स्वतःला तपासायला त्यांना बाहेरचा साक्षीदार लागतोच. पडताळणीचं प्रमाणपत्र काट्याजवळ दिसेल असं लावणं नियमानेच बंधनकारक आहे. गाडी चढवण्याआधी शेतकऱ्याने त्यावरची तारीख वाचावी, खिडकीत शून्य आहे का ते पाहावं आणि शंका आली तर पुन्हा तोलायला सांगावं. हा त्याचा हक्क आहे आणि तो रांगेत उभं असतानाच बजावायचा आहे.