स्किनकेअरवालं फाउंडेशन: बाटलीवरचे दावे, आपली शेड आणि लावायची रीत

हेडफोन लावून ऐकणाऱ्यांना आणि ऑफिसच्या बसमध्ये आवाज बंद ठेवून हे वाचणाऱ्यांना, दोघांनाही रामराम. आजचा विषय नेहमीपेक्षा वेगळा आहे. मी बीटेक केलंय, पोटापाण्यासाठी कोड लिहिते आणि मेकअपचा एकही कोर्स केलेला नाही, हे आधीच सांगून टाकते. पण पैसे घालवून, चेहरा बिघडवून आणि मग लेबलं वाचत बसून जे कळलं, ते आज तुमच्यासमोर ठेवतेय.

झालं असं, की मागच्या महिन्यात सांगलीहून मामेबहिणीचा फोन आला. "ताई, रविवारी बघायला येणारेत. एक फाउंडेशन सुचव ना. दुकानातली बाई म्हणते सीरमवालं घे, त्यात एसपीएफ पण आहे, वेगळं काही लावायला नको. आणि आई म्हणते एक शेड उजळ घे." मागून मामींचा आवाज आलाच, "अगं, फोटोत बरं दिसतं म्हणून म्हणते!"

मी क्षणभर गप्पच झाले. कारण या दोन्ही चुका मी स्वतः करून बसलेय.

पहिली चूक चुलतभावाच्या लग्नात. मी सावळी. कोणीतरी म्हणालं म्हणून दोन शेड उजळ फाउंडेशन घेतलं. अल्बम आला तेव्हा चेहरा राख फासल्यासारखा आणि मान माझी स्वतःची. तो अल्बम घरी पाहुणे आले की अजून निघतो.

दुसरी चूक जास्त महागात पडली. एका बाटलीवर "त्वचेची काळजी घेणारं, एसपीएफ ३०" असं लिहिलेलं होतं. मी म्हटलं, वा, एकात सगळं! सनस्क्रीन बंद केलं. वर्षभर रोज स्कूटीवरून ऑफिस. मग गालांच्या हाडांवर तपकिरी डाग दिसायला लागले. त्वचेच्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी बघताक्षणी सांगितलं, वांग आहे. मग विचारलं, "सनस्क्रीन कुठलं लावता?" मी म्हटलं, "फाउंडेशनमध्येच आहे ना." त्यांनी पेन खाली ठेवलं आणि मला जे समजावून सांगितलं, त्यातूनच आजचा हा भाग निघालाय.

बाटलीत असतं काय?

लिक्विड फाउंडेशन म्हणजे पाणी, सिलिकॉन किंवा तेलासारख्या पातळ द्रवात मिसळलेले रंग. बहुतेक त्वचेच्या शेड चार रंगद्रव्यांतून बनतात: पांढरं टायटॅनियम डायॉक्साइड आणि लाल, पिवळं, काळं असे तीन आयर्न ऑक्साइड. लेबलवर त्यांचे क्रमांक असतात: पांढऱ्याचा सीआय ७७८९१, लालचा ७७४९१, पिवळ्याचा ७७४९२ आणि काळ्याचा ७७४९९. गोऱ्यापान शेडपासून गडद शेडपर्यंत फरक मुख्यतः या चौघांच्या प्रमाणाचा.

स्किनकेअरवाल्या फाउंडेशनमध्ये यात काही घटक वरून घालतात. ग्लिसरीन आणि हायल्युरोनिक अ‍ॅसिड ओलावा धरून ठेवतात. स्क्वालेन त्वचा मऊ ठेवतं. नायसिनमाइड तेलकटपणा आणि डागांसाठी वापरतात. कधी व्हिटॅमिन सी किंवा ई असतं. हे सगळे चांगले घटक आहेत, त्यात खोट नाही. प्रश्न आहे किती घातलेत याचा.

यादी वाचायची युक्ती

आम्ही लोक ॲप घेताना फीचर्सची जाहिरात बघत नाही, आत काय आहे ते बघतो. इथेही तेच करायचं. बाटलीचा पुढचा भाग म्हणजे जाहिरात. मागची बारीक अक्षरातली यादी खरी.

यादीत घटक जास्तीकडून कमीकडे लिहितात. म्हणजे पहिला सगळ्यात जास्त. पण एक टक्का किंवा त्याहून कमी असलेले घटक कुठल्याही क्रमाने लिहायची मुभा असते. रंगद्रव्यं बऱ्याचदा शेवटी वेगळी येतात.

आता ती एक टक्क्याची रेघ ओळखायची कशी? यादीत फिनॉक्सीइथेनॉल शोधा. हे टिकवणारं रसायन आहे आणि ते साधारण एक टक्क्याच्या आतच ठेवतात. त्याच्या नंतर जे काही लिहिलंय, ते बहुधा एक टक्क्याहून कमी आहे. झॅन्थन गमचंही तसंच.

माझ्या त्या बाटलीवर पुढे मोठ्या अक्षरात नायसिनमाइड होतं आणि मागे ते फिनॉक्सीइथेनॉलच्याही खाली. नायसिनमाइडवरच्या बऱ्याच अभ्यासांत ते २ ते ५ टक्के वापरलेलं असतं. म्हणजे मी जे घेतलं होतं ते नावापुरतं, आमटीत हिंग दाखवल्यासारखं.

पण रेघेखालचं सगळंच फुकट, असंही समजू नका हं. हायल्युरोनिक अ‍ॅसिड थोडंसंही चालतं. आणि ग्लिसरीन यादीत वर असेल तर कोरड्या त्वचेला फरक खरंच जाणवतो.

घेण्याआधी अजून दोन गोष्टी बघा. त्वचा चटकन लाल होत असेल तर फ्रॅग्रन्स किंवा परफ्यूम हा शब्द नसलेली बाटली घ्या. आणि दिवस गेलेले असतील किंवा त्या विचारात असाल, तर रेटिनॉल असलेलं टाळा, डॉक्टरांना विचारा.

एसपीएफचं गणित

आता माझ्या वांगाचं मूळ. बाटलीवरचा एसपीएफ प्रयोगशाळेत मोजतात, तेव्हा दर चौरस सेंटीमीटर त्वचेवर २ मिलिग्रॅम एवढा थर लावतात. चेहरा साधारण ६०० चौरस सेंटीमीटर धरा. म्हणजे एका वेळी १२०० मिलिग्रॅम, अर्थात १.२ ग्रॅम.

बाटली ३० मिलीची. ढोबळमानाने ३० ग्रॅम धरू. रोज १.२ ग्रॅम लावलं तर बाटली २५ दिवसांत संपायला हवी. माझी किती दिवस पुरत होती माहितीये? शंभर दिवस! म्हणजे मी लावत होते फक्त ०.३ ग्रॅम, हव्या त्या मापाच्या एक चतुर्थांश. त्या पातळ थरातून बाटलीवरचा ३० हा आकडा मिळणं शक्यच नव्हतं. आणि पुरेसं लावायचं म्हटलं तर चेहऱ्यावर गिलावा केल्यासारखं दिसेल. दुपारी पुन्हा लावायचं तर विचारूच नका.

म्हणून नियम साधा आहे. सनस्क्रीन वेगळं लावायचं, एसपीएफ ३० किंवा जास्त. तर्जनी आणि मधलं बोट, या दोन्हींवर पूर्ण लांबीची रेघ काढायची. तेवढं चेहरा आणि मानेला लागतं. फाउंडेशनमधला एसपीएफ वरचा बोनस समजायचा, पगार नाही.

एक गोष्ट मात्र फाउंडेशनच्या बाजूने सांगायला हवी. वांग आणि काळे डाग फक्त अतिनील किरणांनी वाढत नाहीत. डोळ्यांना दिसणारा साधा प्रकाशही आपल्यासारख्या सावळ्या-गव्हाळ त्वचेवर रंग गडद करतो. रंग नसलेलं सनस्क्रीन तो प्रकाश फारसा अडवत नाही, पण आयर्न ऑक्साइड काही प्रमाणात अडवतात. म्हणून वांग असणाऱ्यांना डॉक्टर रंगीत सनस्क्रीन सुचवतात. गंमत बघा, पुढे लिहिलेल्या सीरमपेक्षा मागच्या यादीतला साधा रंगच इथे जास्त कामाचा निघाला.

शेड: मामी, आता ऐका

उजळ शेडने माणूस उजळ दिसत नाही, आजारी दिसतो. कारण मघाशी सांगितलं तेच. उजळ शेडमध्ये पांढरं टायटॅनियम डायॉक्साइड जास्त असतं. ते सावळ्या त्वचेवर बसलं की राखाडी छटा येते, आणि फ्लॅश पडला की ती अजून उठून दिसते.

शेड निवडताना मनगटावर लावून बघू नका. मनगटाचा रंग वेगळा असतो. गालही फसवतात, कारण बऱ्याच जणींचे गाल मानेपेक्षा उजळ असतात आणि कपाळ गडद. जबड्याच्या कडेला, गालावरून मानेकडे जाणाऱ्या तीन रेघा काढा: तुम्हाला वाटते ती शेड, एक गडद, एक उजळ. मग दुकानातून बाहेर या. मॉलचे दिवे काहीही दाखवतात. उन्हातही नको, सावलीतल्या दिवसाच्या उजेडात बघा. जी रेघ दिसेनाशी होते ती तुमची.

लगेच पैसे देऊ नका. चहा घ्या, वीस मिनिटं थांबा. काही फाउंडेशन चेहऱ्यावर बसल्यावर थोडी गडद होतात. त्यानंतरही रेघ जुळली, तर घ्या.

अंडरटोनचं काय? म्हणजे त्वचेखालून डोकावणारी छटा. पिवळसर असेल तर वॉर्म, गुलाबीसर असेल तर कूल, मधलं असेल तर न्यूट्रल. आपल्याकडे हिरवट झाक असलेलीही खूप असतात, त्याला ऑलिव्ह म्हणतात. मनगटाच्या शिरा बघून ओळखायची युक्ती सावळ्या त्वचेवर नीट चालत नाही. त्यापेक्षा रेघच बघा. ती केशरी दिसली, गुलाबी दिसली किंवा राखाडी दिसली, तर गडदपणा बरोबर असूनही छटा चुकलीये.

शेड पक्की झाली तरी आधी कानामागे थोडं लावून एक-दोन दिवस बघा. खाज, पुरळ नाही आलं, तर पुढे जा. आणि नवीन बाटली कार्यक्रमाच्या दिवशी पहिल्यांदा उघडायची नाही!

लावायचं कसं?

एक. चेहरा धुवा, हलकं मॉइश्चरायझर लावा, मग सनस्क्रीन. आणि दहा मिनिटं थांबा. डबा भरा, साडीला पिना लावा, काहीही करा, पण थांबा. ओल्यावर ओलं लावलं की खोडरबराचा चुरा निघतो तशा वळ्या सुटतात. थांबूनही सुटत असतील तर खालचं सनस्क्रीन आणि वरचं फाउंडेशन यांचं जमत नाहीये. एक सिलिकॉनचं आणि एक पाण्याचं असलं की कधीकधी असं होतं. जोडी बदलून बघा.

दोन. बाटली हलवा. सीरमसारख्या पातळ फाउंडेशनमध्ये रंग तळाशी बसतो. न हलवता घेतलं तर आज एक शेड आणि महिन्याने दुसरी.

तीन. हाताच्या मागच्या बाजूवर एकच पंप घ्या. नाकाच्या बाजूला, हनुवटीवर, कपाळाच्या मध्यावर ठिपके द्या आणि मधून बाहेर पसरवा. रोजच्यासाठी बोटं पुरतात, उबेने ते छान बसतं. स्पंज वापरणार असाल तर ओला करून घट्ट पिळा आणि थोपटा. घासू नका, घासलं की खालचं सनस्क्रीन निघतं.

चार. डाग दिसतोय तिथेच दुसरा थर. सगळ्या चेहऱ्यावर नाही. उरलेलं जबड्यावरून मानेकडे उतरवा.

पाच. पावडर फक्त नाक, कपाळ, हनुवटीवर. स्कूटीवाल्यांनो, स्कार्फ आणि हेल्मेट घालणार असाल तर सनस्क्रीन घरी लावा, फाउंडेशन पोचल्यावर. नाहीतर निम्मं स्कार्फला.

सहा. रात्री काढा. आधी क्लिन्झिंग बाम किंवा मिसेलर वॉटर, मग फेसवॉश. "यात स्किनकेअर आहे, राहिलं रात्रभर तर चांगलंच," असं मीही म्हणायचे. नका म्हणू. आणि स्पंज धुऊन पूर्ण वाळवा. पावसाळ्यात ओल्या स्पंजाला बुरशी धरते.

तर मग घ्यावं का?

घ्या की. मी आजही वापरते. माझी त्वचा कोरडी आहे आणि ग्लिसरीन वर असलेलं फाउंडेशन दिवसभर ओढल्यासारखं वाटू देत नाही. पण त्याला फाउंडेशनचंच काम द्या: आपल्याच रंगाचा एकसारखा थर. डागांचं काम औषधाचं, उन्हाचं काम सनस्क्रीनचं. माझं वांग फिकं झालंय, पूर्ण गेलेलं नाही, आणि डॉक्टर म्हणतात ऊन सांभाळलं नाही तर परत येईल.

मामेबहिणीने शेवटी सांगलीतच जबड्यावर रेघा काढून आपली शेड घेतली. रविवारी मामींनी तिला बघून विचारलं, "अगं, लावलंच नाहीस का काही?" तिने तो मेसेज मला हसऱ्या चेहऱ्यासकट पाठवला. स्थळाचं काय झालं म्हणाल, तर मुलगा बरा होता पण हिला बंगळुरूला जायचं नव्हतं. तिने नाही सांगितलं. फोटो मात्र छान आलेत, मान आणि चेहरा एकाच मुलीचे वाटतात.

तर मंडळी, आज घरी गेल्यावर एकच करा. तुमची बाटली उलटी करा आणि फिनॉक्सीइथेनॉल कुठे आहे ते बघा. त्याच्या वर काय सापडलं, ते मला नक्की कळवा. भेटू पुढच्या भागात. तोवर सनस्क्रीन लावा, काळजी घ्या!