औरंगाबादची रसमंजरी, मुंबईचा घुमट

आम्हा गंगापूरकरांना औरंगाबाद म्हणजे कोर्टकचेरी, घाटी दवाखाना आणि लग्नाचा बस्ता. चित्रं पाहायची तर अजिंठा, आणि तोही पाहुणे आले तर. त्यामुळे ‘ललित कला’ या नियतकालिकाच्या पंधराव्या अंकातला सरयू दोशी यांचा लेख पहिल्यांदा वाचला तेव्हा मी चक्रावलो. १९७२ सालचा हा लेख औरंगाबादेत १६५० साली तयार झालेल्या एका सचित्र पोथीबद्दल आहे. तेव्हापासून ती पोथी आणि त्या बाई, दोघींनी माझा पिच्छा सोडलेला नाही.

सरयू दोशी हे नाव कलेच्या वर्तुळात घेतलं जातं ते मुंबईच्या नॅशनल गॅलरी ऑफ मॉडर्न आर्टच्या पहिल्या मानद संचालक म्हणून. त्याआधी ‘मार्ग’ या कलाविषयक नियतकालिकाच्या संपादक. १९८१ साली बाहुबलीच्या सहस्राब्दीनिमित्त श्रवणबेळगोळवरचा ग्रंथ, पुढच्या वर्षी शिवाजी महाराज आणि मराठा संस्कृतीवरचा, मग गोवा, मग १९८५ साली जैन चित्रकलेवरचा. १९९९ साली पद्मश्री. ही यादी कुठेही मिळेल. माझं कुतूहल वेगळं आहे. आधुनिक चित्रांचं घर चालवायला जी बाई बसली, तिची नजर तयार झाली होती ती पोथ्यांवर. दिगंबर भांडारांतल्या सचित्र पोथ्या हा त्यांचा खास प्रांत. मूडबिद्रीची बाराव्या शतकातली ताडपत्रं त्यांच्या जैन चित्रकलेच्या ग्रंथात सविस्तर आली आहेत.

पोथ्यांच्या अभ्यासकाला एक सवय लागते. तो आधी शेवटचं पान उलटतो. लेखकाने किंवा लेखनिकाने शेवटी चार ओळी टाकलेल्या असतात: कोणत्या साली, कोणत्या गावी, कोणासाठी लिहिली. त्या असल्या तर अभ्यासकाची दिवाळी. नसल्या तर मग नायिकेच्या नाकावरून आणि ओढणीच्या काठावरून वर्षानुवर्षं वाद घाला.

औरंगाबादच्या पोथीत हा पुरावा होता. ग्रंथ भानुदत्ताची ‘रसमंजरी’, म्हणजे नायक-नायिकांच्या प्रकारांचं संस्कृत काव्य, साल १६५०, गाव औरंगाबाद, करवून घेणारा मेवाडचा राजपूत सरदार. दख्खनच्या उत्तर भागातली म्हणून जी चित्रं अंदाजाने इकडेतिकडे ढकलली जात होती, त्यांना यामुळे एक पक्की खुंटी मिळाली. पुढे गीतगोविंदाची आणि रागमालेची काही विखुरलेली पानंही अभ्यासकांनी याच गावाच्या खात्यावर जमा केली.

पण मेवाडचा सरदार इथे करत काय होता? याचं उत्तर शहराच्या नकाशातच आहे. मलिक अंबरने १६१० साली वसवलेली खडकी पुढे मोगलांची दख्खनची छावणी झाली. त्या फौजेत राजपूत पथकं होती आणि ती वर्षानुवर्षं इथेच मुक्कामाला असत. नवरात्रात ज्या कर्णपुऱ्याच्या यात्रेला आपण जातो तो बिकानेरच्या करणसिंहाचा. पदमपुरा त्याच्या मुलाचा, पदमसिंहाचा. जयसिंगपुरा आणि जसवंतपुरा ही नावं तर स्वतःच बोलतात. छावणीच्या आयुष्यात लढाई थोडी आणि वाट पाहणं फार. घरापासून शेकडो कोस लांब असलेल्या सरदाराने विरहिणी नायिकांची पोथी करवून घेतली, यात मला तरी नवल वाटत नाही.

याच सुमारास, १६४९ साली, तिकडे मेवाडात मनोहर नावाचा चित्रकार राणा जगतसिंहासाठी रामायणाचं बालकांड रंगवत होता. औरंगाबादच्या पानांवर त्या मेवाडी वळणाची मांडणी आहे: सपाट रंगाची पार्श्वभूमी, चौकटीत बसवलेली माणसं. पण रंगांची जात आणि झाडं-इमारतींचा तपशील यांत दख्खन डोकावते. सरदार सवय घेऊन आला, मातीने आपलं घातलं.

आणखी एक गंमत. भानुदत्त मूळचा मिथिलेचा. पण रसमंजरीतल्या एका श्लोकात निजाम राजाचा उल्लेख येतो, आणि त्यावरून तो अहमदनगरच्या निजामशाहीच्या आश्रयाला होता असं मानतात. ते खरं असेल, तर गोदावरीच्या पलीकडच्या दरबारात वावरलेलं काव्य शंभरएक वर्षांनी अलीकडच्या छावणीत राजपुतासाठी चितारलं गेलं. मधे आमचा कायगाव टोक्याचा घाट. एवढं सगळं या पट्ट्यात घडलं, आणि आपण आजही ‘मराठवाड्यात चित्रकला अजिंठ्यानंतर संपली’ असं बिनदिक्कत म्हणतो.

आता मुंबई. सरयूबाईंची गॅलरी ज्या इमारतीत आहे तो रीगलच्या चौकातला सर कावसजी जहांगीर हॉल १९११ सालचा, वास्तुरचनाकार जॉर्ज विटेटचा. सभा, मैफली, लग्नं, मुष्टियुद्धं, सगळं तिथे होऊन गेलं. तिथे चित्रांचं घर व्हावं म्हणून शिल्पकार पिलू पोचखानवाला आणि कलादालन चालवणारे केकू गांधी यांनी रेटा लावला. वास्तुरचनाकार रोमी खोसला यांनी आतून इमारत पालटली आणि डिसेंबर १९९६ मध्ये गॅलरी उघडली. दिल्लीची मूळ गॅलरी १९५४ सालची. म्हणजे प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपचे चित्रकार ज्या शहरात वाढले, त्या शहराने चार दशकं वाट पाहिली. सुरुवातीचं प्रदर्शन त्याच मंडळींवरचं, यशोधरा दालमिया यांनी रचलेलं.

चित्रं लावणाऱ्याला ही इमारत छळते. अर्धगोलाकार माड्या, वळत जाणारे जिने, वर घुमट. सरळ भिंत शोधावी लागते. चढता चढता चित्रकाराचं वय वाढत जातं, आणि घुमटाखाली पोचलेला प्रेक्षक दमलेला असतो. मात्र कठड्यावरून खाली डोकावलं की तासाभरापूर्वी पाहिलेलं चित्र वेगळ्याच कोनातून दिसतं. दुसऱ्या कुठल्या गॅलरीत मला हे मिळालेलं नाही.

सरयूबाई तिथे मानद होत्या, हे मला खटकतं. एवढी संस्था उभी करायची आणि तिच्या पहिल्या प्रमुखपदाला मानाची शाल पुरेशी समजायची, ही आपली जुनी खोड. पण त्याची दुसरी बाजूही आहे. शहरातले जाणकार, चित्रकार, संग्राहक यांचा शब्द तिथे चालत असे, आणि पुढे स्थानिक सल्लागार समितीमार्फत चालत राहिला.

तो शब्द थांबला तेव्हा भांडण झालंच. फेब्रुवारी २०१९, प्रभाकर बरवे यांच्या चित्रांचं प्रदर्शन. उद्घाटनाच्या भाषणात अमोल पालेकर समित्या बरखास्त झाल्याबद्दल आणि निर्णय दिल्लीच्या मंत्रालयातून होणार असल्याबद्दल बोलू लागले. बरव्यांपुरतंच बोला, असं त्यांना मध्येच मंचावरून सांगितलं गेलं. समितीचे अध्यक्ष राहिलेले सुहास बहुळकर यांनी तर महाराष्ट्रातल्या दृश्यकलेचा चरित्रकोश सिद्ध केला आहे. त्यांच्यासारख्याचा सल्ला नको असेल तर कोणाचा हवा, हे मला अजून कळलेलं नाही. औचित्याचा मुद्दा मी ऐकला आहे. पण ‘कोरा कॅनव्हास’ लिहिणाऱ्या चित्रकाराच्या प्रदर्शनात गॅलरीबद्दल बोलायचं नाही, तर मग कुठे बोलायचं?

पालेकरांनी ज्या दोन प्रदर्शनांची काळजी व्यक्त केली होती, ती सुधीर पटवर्धन आणि मेहली गोभई यांची. दोन्ही पुढे त्याच घुमटाखाली झाली, पटवर्धनांचं २०१९च्या अखेरीस आणि गोभईंचं २०२० मध्ये. ती मुळात कोणत्या बैठकीत आणि कोणाच्या आग्रहावरून ठरली होती, हे मात्र अशा प्रदर्शनांच्या पाट्यांवर लिहीत नाहीत.