संबळ दाखवतो वाट

होळी सरली की जव्हार-मोखाड्याच्या गावांत बोहाड्याचे, मुखवटे चढवून देव-दैत्यांची सोंगं नाचवण्याच्या उत्सवाचे, दिवस येतात. उन्हं डोंगराआड गेली, की देवळासमोरची वाट झाडून सडा मारतात आणि तिच्या टोकाच्या घरात सोंगं सजू लागतात. लाकडाचे, कागदी लगद्याचे मुखवटे भिंतीशी मांडलेले असतात. आधी डोक्याला फडकं घट्ट गुंडाळायचं, मग मुखवटा चढवून दोऱ्या आवळायच्या. रावणाची दहा तोंडं पेलायला तर मान तयारीचीच लागते. काही घराण्यांत ठरावीक सोंग पिढ्यान्‌पिढ्या चालत आलंय.

मी वाजंत्र्यांपाशी बसले होते. गारव्यानं सैलावलेलं चामडं संबळवाला विस्तवावर शेकत होता. जोडलेल्या दोन भांड्यांपैकी बारक्याचा आवाज चढा, मोठ्याचा घुमणारा. एक काडी सरळ, दुसरी टोकाशी वळवलेली. काडी मारायची, कान लावायचा, पुन्हा शेकायचं. घाई अजिबात नाही.

पहिला गणपती. मग शारदा, आणि मग एकामागून एक देव, दैत्य, अवतार. मुखवट्याच्या फटींतून आतल्या माणसाला जेमतेम हातभर जमीन दिसते. म्हणून संबळवाला सोंगाकडे तोंड करून मागे मागे सरत वाजवतो, आणि सोंग त्या आवाजामागे येतं. शारदेची पावलं तोलून पडतात. दैत्य आला की काड्या अशा कडाडतात की पोरं आयांना बिलगतात. पिपाणी सूर लांबवते, संबळ वळण देतो. देव मुखवट्यात असेल, पण त्याला चालवतो संबळ, असं मला तिथं बसून ठामपणे वाटलं.

मुखवट्यांचे भडक रंग, वटारलेले डोळे टेंभ्याच्या हलत्या उजेडासाठी आहेत. सावल्या सरकतात तसे चेहरे बदलतात. हॅलोजनखाली तेच चेहरे सपाट पडतात. गावांनी निदान सोंग नाचेपर्यंत तो दिवा मालवावा, असं मनापासून वाटतं.

संबळवाल्याचा मुलगा शेजारी झांज वाजवत होता. चाल बदलायची झाली की बाप खांद्यानं खूण करी. शेवटच्या रात्री, जगदंबा महिषासुराला भिडायच्या आधी, मधल्या एका लहानशा सोंगासाठी बापानं संबळ पोराच्या कमरेला बांधला. हात नवे, ठेका जरा अडखळत होता. मुखवट्याआडच्या माणसाला ते कळलं असणार. त्यानं पावलं आखूड केली आणि पोराची लय बसेपर्यंत तशीच ठेवली.