नाचता येईना, तरी अंगण सरळ!

दादाचं लग्न ठरलंय. हॉल बुक झालाय, व्हॉट्सअॅपवर ‘टीम वऱ्हाड’ नावाचा ग्रुप निघालाय आणि रिसेप्शनला ‘काहीतरी धमाल’ करायची जबाबदारी तुमच्या गळ्यात पडलीये. का, तर तुम्ही कॉलेजवाले, तुम्हाला हे सगळं येतं! अडचण एकच. दादा नाचत नाही. वरातीत खांद्यावर घेतलं तरी तो वरून फक्त हात हलवेल. होणारी वहिनी त्याच्याही पुढची. गॅदरिंगलासुद्धा ती कायम पडद्यामागे. आणि इकडे ग्रुपवर कुणीतरी कोरिओग्राफरचा नंबर टाकूनही झालाय.

तो नंबर फिरवण्याआधी दोघांना वेगवेगळं गाठा आणि विचारा, ‘तुम्हाला नाचायचंय का?’ वेगवेगळं अशासाठी, की समोरासमोर विचारलं तर दोघंही एकमेकांसाठी ‘हो’ म्हणतात. उत्तर ‘नाही’ आलं, तर ते ‘नाही’च धरायचं. ‘लाजतेय ती, ऐनवेळी ओढू की’ हा प्लॅन डोक्यातून काढून टाका. चारशे पाहुण्यांसमोर, जड शालू नेसलेली असताना कुणी हात धरून मध्ये ओढलं, तर बिचारी हसण्याशिवाय काय करणार? ते कसनुसं हसू त्याच रात्री स्टेटसवर जातं आणि तिथून कुठे कुठे, ते आपल्या हातात राहत नाही.

मग नाचाशिवाय रिसेप्शन म्हणजे नुसती फोटोची रांग? मुळीच नाही. नवरा-नवरीने स्टेजवर नाचायलाच हवं, ही आपल्याकडची जुनी रीत नव्हेच. ‘संगीत’ हा उत्तरेकडून आणि हिंदी सिनेमातून आलेला पाहुणा. १९९४च्या ‘हम आपके हैं कौन..!’ने चौदा गाण्यांमधून लग्नाचा जो थाट दाखवला, तो नंतर आपल्या हॉलमध्येही रुळला. पाहुणा छान आहे, राहू दे. पण घरातली मंडळी कुठे गेली? नवरा-नवरीची खरी मजा आपल्याकडे हाताच्या आणि जिभेच्या खेळांत होती: सुपारी सोडवणं, अंगठी शोधणं, विडा तोडणं, नाव घेणं. हे सगळं बसल्या जागी होतं आणि एकही स्टेप पाठ करावी लागत नाही!

सुपारीचंच बघा. नवरी मुठीत सुपारी घट्ट धरते, नवऱ्याने ती एका हाताने सोडवायची. मग उलट, नवरीला बऱ्याच घरांत दोन्ही हात वापरायची मुभा असते. नियम घराघरात वेगळे, त्यामुळे आधी दोन्हीकडच्या आज्यांना विचारून घ्या. तिथेच निम्मी करमणूक होईल, कारण त्यांचं एकमत होणार नाही. अंगठीसाठी मोठी परात आणि हळदीचं दाट पाणी. पाणी पातळ असेल तर अंगठी दिसते आणि खेळ दहा सेकंदांत आटोपतो. अंगठी साधी घ्या, साखरपुड्याची नको. तीन डाव ठेवा, शेजारी टॉवेल ठेवा. एरवी हे खेळ घरातल्या घरात, दहा-बारा माणसांत होतात. हॉलमध्ये विसाव्या रांगेतल्या काकांना मूठ कशी दिसणार? म्हणून व्हिडिओवाल्याला आधीच सांगा: कॅमेरा थेट हातांवर आणि ते चित्र मोठ्या स्क्रीनवर. बघा, हॉलचे दोन पक्ष पडतात की नाही!

अशा साध्या खेळांना प्रेक्षक मिळतो का, ही शंका असेल तर ‘होम मिनिस्टर’ आठवा. २००४ पासून आदेश बांदेकरांनी किरकोळ खेळ, गप्पा आणि एक पैठणी एवढ्यावर घरोघरच्या संध्याकाळी बांधून ठेवल्या.

आता उखाणे. नवरीनेच घ्यायचा आणि नवऱ्याने नुसतं हसायचं, हे जुनं झालं. दोघांनाही घ्यायला लावा आणि नेटवरचा तयार नको, स्वतः रचलेला हवा. फसला तरी चालतो. उलट फसलेल्यालाच जास्त टाळ्या पडतात. न नाचणाऱ्या वहिनीसाठी हा एक आमच्याकडून, रिकाम्या जागी नाव तेवढं तुम्ही भरा: ‘डीजेवाल्या दादा, आवाज कर कमी, ...रावांचं नाव घेते, नाचाची नाही हमी!’

दुसरा हिट खेळ म्हणजे ‘कोण जास्त?’ दोघं पाठीला पाठ लावून बसतात, प्रश्न येतो आणि ज्याचं नाव उत्तर असेल त्याची वस्तू वर करायची. बाहेर हा खेळ बूट हातात घेऊन खेळतात. आपल्याकडे स्टेजवर चपला नाचवल्या तर आजी उठून जाईल, तेव्हा दोन रंगांचे पंखे पुरेत. खरी मेहनत प्रश्नांत आहे. ‘अजून घरातच असताना “पोचलोच” असं कोण सांगतं?’, ‘शेवटची भजी कोण पळवतं?’ असे प्रश्न चालतात. जुनी प्रकरणं, वजन, रंग, पगार आणि ‘गोड बातमी कधी’ हे नको म्हणजे नकोच. यादी दोघांना आधी दाखवा, नको असलेला प्रश्न त्यांना खोडू द्या. सरप्राइज प्रेक्षकांसाठी असतं, नवरा-नवरीसाठी नाही.

आणि लग्न कांदेपोह्यांतून ठरलं असेल, दोघं जेमतेम चार वेळा भेटले असतील तर? मग हा खेळ सोडा. नवऱ्याला समोर बसलेल्या मावश्या, आत्या, काकू नावानिशी ओळखायला लावा. नंतर हीच परीक्षा नवरीची.

गर्दी स्टेजच्या रांगेत उभी असते, तिच्यासाठी रुखवत आहेच. चांदीची भांडी नि लाडूंच्या शेजारी दोघांच्या आयुष्यातल्या वस्तू मांडा: शाळेचं प्रगतिपुस्तक, लाल शेरे मारलेलं जर्नल, पहिल्या भेटीचं हॉटेलचं बिल. परवानगी मात्र इथेही घ्यायची.

नाचावर बंदी घालू नका हं. मामा-मामी, तुमची गँग, ज्यांना नाचायचंय त्यांना शेवटची वीस मिनिटं द्या. खुल्या लॉनवर रात्री दहानंतर स्पीकर लावता येत नाही, हे धरून वेळ ठरवा. नवरा-नवरी खुर्चीत बसून टाळ्या वाजवतील. त्या वेळी त्यांना कुणी उठवायचं नाही, हे डीजेला आणि सगळ्यात उत्साही मामाला आदल्या दिवशीच सांगून ठेवा.

वेळापत्रक अगदी साधं. सात ते साडेआठ रांग चालू द्या, मध्ये काही घुसडू नका. साडेआठला दहा मिनिटं रांग थांबवून सुपारी आणि अंगठी. माइक डीजेकडे नको, दोन्ही घरं ओळखणाऱ्या भावंडाकडे द्या. भाषण ठोकू पाहणाऱ्या काकांना दोन मिनिटं मिळतील. ‘कोण जास्त?’ नऊच्या सुमारास. उखाणे मात्र पानावर, एकमेकांना घास भरवताना. त्यासाठी दोघांची पानं वेळेवर आणि गरम वाढली जातील, ही जबाबदारी एका भावंडाला नाव घेऊन सोपवा. रिसेप्शनला सगळ्यात शेवटी, गार जेवण नवरा-नवरीच्याच वाट्याला येतं.