शस्त्रक्रियेनंतरचे ‘पित्त’

नागपूरच्या ‘मेडिकल’मध्ये आणि ‘मेयो’त भंडारा, चंद्रपूर, गडचिरोलीपर्यंतचे रोगी शस्त्रक्रियेसाठी येतात. टाके उत्तम भरत असतात आणि एखाद्याच्या अंगावर एकाएकी गांधी उठतात. घरची मंडळी म्हणतात, ‘पित्त उठले! वांग्याची भाजी कोणी दिली?’ आमसुलाचे पाणी लावले जाते, गांधी बसतात आणि गोष्ट विसरली जाते. हे विसरणेच पुढे घातक ठरू शकते. ते कसे, हे आपण पाहू.

परका पदार्थ ओळखून ठेवण्याची शक्ती आपल्या शरीरात आहे. लस उपयोगी पडते ती तिच्याच बळावर. पण कधी कधी ही शक्ती निरुपद्रवी पदार्थालाही वैरी समजते. फ्रेंच शास्त्रज्ञ शार्ल रिशे व पोल पोर्तिए यांनी १९०२ साली दाखवून दिले की, विषाची एक मात्रा सोसलेला कुत्रा काही आठवड्यांनी दिलेल्या अगदी अल्प मात्रेनेही दगावू शकतो. या संशोधनाबद्दल रिशे यांना १९१३ चे नोबेल पारितोषिक मिळाले. ‘ॲलर्जी’ हा शब्द व्हिएन्नाच्या फॉन पिर्के यांनी १९०६ साली दिला. तात्पर्य, पहिल्या खेपेस सोसलेले औषध दुसऱ्या खेपेस सोसेलच असे नाही.

शस्त्रक्रियेत तर रोग्याचा संबंध एकाच दिवशी अनेक पदार्थांशी येतो : पेनिसिलिनसारखी प्रतिजैविके, स्नायू शिथिल करणारी औषधे, वेदनाशामके, कातडी निर्जंतुक करणारे क्लोरहेक्सिडिन, रबरी हातमोजे, चिकटपट्टी. पट्टीच्या आकाराएवढीच खाज सुटली, तर संशय पट्टीवर घ्यावा. प्रतिजैविकाने उठलेले पुरळ काही दिवसांनी, घरी गेल्यावरही दिसू शकते. नुसती मळमळ म्हणजे मात्र ॲलर्जी नव्हे.

ओठ-जीभ सुजली, धाप लागली, घेरी आली, तर क्षणाचाही विलंब नको. अशा वेळी मांडीत ॲड्रेनॅलिनची सुई टोचणे हा पहिला उपाय आहे. आमसुलाचे ते काम नव्हे. पुरळाबरोबर ताप, फोड किंवा तोंडात जखमा दिसल्या, तरी ताबडतोब डॉक्टरांना गाठावे.

पुढच्या शस्त्रक्रियेच्या वेळी ‘मागे पित्त उठले होते’ एवढ्यावरून भूल देणाऱ्या डॉक्टरांनी काय ओळखावे? म्हणून रुग्णालय सोडण्यापूर्वी संशयित औषधाचे नाव, तारीख आणि काय झाले, हे कार्डावर लिहून मागावे. संशय खरा की खोटा, याची तपासणी तज्ज्ञांकडून पुढे करून घेता येते. खोटा निघाला, तर एक चांगले औषध पुन्हा हाती येते. ते कार्ड रेशनकार्डाइतकेच जपून ठेवा, आणि कोठे ठेवले ते घरातल्या दुसऱ्या माणसालाही सांगून ठेवा.