जबानीची उलटतपासणी

खऱ्या गुन्ह्यांवरील माहितीपटांचा आज सुकाळ आहे. परंतु अशा विषयाला चित्रपटकाराने कोणत्या वृत्तीने हात घालावा, असा प्रश्न पडला की मला एरॉल मॉरिस या अमेरिकन दिग्दर्शकाचा १९८८ सालचा ‘द थिन ब्लू लाइन’ आठवतो. मॉरिस टेक्सासला गेला तो निराळ्याच कामासाठी. देहान्ताच्या खटल्यांत सरकारपक्षातर्फे उभे राहून, आरोपी पुढेही समाजास घातक ठरेल असे छातीठोकपणे सांगणाऱ्या डॉ. ग्रिग्सन या मनोविकारतज्ज्ञावर त्याला चित्रपट करावयाचा होता. त्यानिमित्त ज्या कैद्यांना तो भेटला त्यांत रँडल अ‍ॅडम्स होता. नोव्हेंबर १९७६ मध्ये डॅलस शहरी एका पोलिसाचा खून केल्याबद्दल त्याला देहान्ताची शिक्षा झाली होती आणि १९८० च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर तिच्या जागी जन्मठेप आली होती. एके काळी खासगी गुप्तहेराचे काम केलेल्या मॉरिसने खटल्याचे दप्तर वाचले, आणि मूळचा विषय मागे पडला.

गोळीबाराचा प्रसंग तो पडद्यावर पुनःपुन्हा उभा करतो, परंतु दर वेळी ज्याची जबानी चालू असेल त्याच्या सांगण्याबरहुकूम: कधी गाडी एका बनावटीची, कधी दुसऱ्या, सोबतची महिला पोलीस कधी गाडीबाहेर उभी, कधी आतच बसलेली. खरोखर काय घडले याचे दृश्य मात्र तो कोठेही दाखवीत नाही. माहितीपटात रचलेली दृश्ये आणल्याबद्दल त्याला दोष देण्यात आला. मला तो दोष सर्वस्वी अन्यायाचा वाटतो, कारण साक्षीदाराचे शब्द डोळ्यांपुढे आणून त्यांतील विसंगती उघडी करणे ही त्या शब्दांची उलटतपासणीच होय.

निवेदक नाही, बोलणाऱ्यांची नावे नाहीत. माणसांना मध्येच न अडविता बोलू द्यावयाचे, ही त्याची रीत. अशाच बोलण्याच्या ओघात एक साक्षीदार बाई सांगून जाते की, ओळखपरेडीत तिने भलत्याच माणसाकडे बोट दाखविले होते आणि खरा कोणता ते पोलिसाने तिला दाखविले. ज्याच्या साक्षीवर सारा खटला उभा होता, तो डेव्हिड हॅरिस खुनाच्या वेळी १६ वर्षांचा, म्हणून कायद्याने देहान्ताच्या शिक्षेस अपात्र. त्याच्याशी झालेल्या अखेरच्या मुलाखतीच्या वेळी कॅमेरा बिघडला आणि केवळ ध्वनिफीत उरली. तिच्यात तो म्हणतो की, अ‍ॅडम्स निर्दोष असल्याची त्याला खात्री आहे, कारण ते त्यालाच ठाऊक आहे. त्याच आवाजावर, पडद्यावर केवळ ध्वनिमुद्रक दाखवून, मॉरिसने चित्रपट संपविला.

मार्च १९८९ मध्ये टेक्सासच्या फौजदारी अपील न्यायालयाने शिक्षा रद्द केली आणि बारा वर्षांनंतर अ‍ॅडम्स सुटला. पुढे स्वतःच्या जीवनकथेवरील हक्क परत मिळावेत म्हणून त्याने मॉरिसवरच दावा लावला. तो न्यायालयाबाहेर मिटला आणि हक्क अ‍ॅडम्सकडे आले.